त्या 'ठण्ण'मागचा तवा

मी तवा बोलतोय. लांब दांड्याचा, जाड बुडाचा, लोखंडी. तुम्ही मला पाहिलेलं नाही, पण ऐकलंय नक्की. कार्टूनमधला लठ्ठ बोका उंदरामागे धावतो, दाराआडून तवा येतो आणि 'ठण्ण!' तो आवाज माझा. हे सांगताना मान ताठ व्हायला हवी, पण माझी शरमेनं खाली जाते.

बाईंनी मला स्वयंपाकघरासाठी आणलं होतं. चार-दोन अंडी तळली असतील नसतील, तोच त्यांच्या नवऱ्यानं मला वाजवून पाहिलं आणि पिशवीत घालून थेट कामावर नेलं. कार्टूनमधले ठोकण्या-आपटण्याचे आवाज ते तयार करायचे.

"या घरात एक भांडं टिकेल तर शपथ!" बाई ओरडल्या.

ती खोली बंद, भिंतींना गाद्या लावलेली. पडद्यावर बोका आपटला की ते मला लाकडी हातोडीनं ठोकायचे आणि लगेच कानाशी धरायचे.

"अहो, कानात बोळे तरी घाला," रेकॉर्डिंगवाला म्हणायचा.

"मग शेपूट कशी ऐकू येणार?"

शेपूट म्हणजे माझ्या आवाजाचा शेवटचा बारीक थरथरता भाग. ती मनासारखी विरली नाही की पुन्हा ठोका.

लोक पोट धरून हसायचे. बोका पार चपटा व्हायचा, डोक्यावर हे एवढं टेंगूळ यायचं आणि लगेच उठून पळायचा. कुणाला काही होत नाही, म्हणून तर लहानथोर सगळेच बिनघोर हसतात. आमच्या खोलीतही कुणाला काही होत नाही, असंच मला वाटायचं.

आधी त्यांचा डावा कान गेला, मग उजवा. कानातल्या यंत्राचाही उपयोग झाला नाही. मी परत घरी आलो, खिळ्याला टांगला गेलो. बाई मला एका शब्दानं बोलल्या नाहीत आणि तेच मला जास्त लागतं.

परवा त्यांची नात आली. टीव्हीवर तोच बोका. ती हसून लोळत होती, आजोबांना मात्र हसू येत नव्हतं. तिनं खुणेनं विचारलं, काय झालं?

"ठण्ण नसलं की बोका नुसताच पडतो गं. मजा नाही येत."

तिनं मला काढून त्यांच्या मांडीवर ठेवलं आणि भाजी वाढायचा डाव हातात घेतला. मी लाजेनं अर्धा झालो. नको गं बाई, पुरे झालं माझं वाजणं! पण लोखंडाला गप्प बसता येत नाही. बोका आपटला, तिनं ठोकलं. आजोबांचा तळहात माझ्या बुडावर होता. थरथर विरेपर्यंत त्यांनी तो हलवला नाही.

"आली, शेपूट आली!" म्हणत ते खदखदून हसले.

"मलाही ऐकायचीय!" म्हणत नातीनं मला वाजवलं आणि स्वतःच्या कानाशी न्यायला लागली. आजोबांचं हसू थांबलं. त्यांनी झटकन मला ओढून घेतलं आणि तिचा चिमुकला तळवा माझ्यावर दाबून धरला.

"कानानं नाही गं राणी. इथून ऐक."

बोक्याला खुशाल हसा. मला मात्र शाबासकी देऊ नका. आणि कधी मी हाती लागलोच, तर त्या पोरीसारखं तळव्यानं ऐका.