आबाजी महाराजांची सात मण्यांची माळ

चाकण-तळेगाव रस्त्यावर एका हार्डवेअरच्या दुकानावर हॉल आहे. एरवी तिथे बारशी आणि साखरपुडे होतात. एप्रिलमधल्या त्या गुरुवारी मात्र सकाळी नऊलाच जिन्यात चपला काढायला जागा उरली नव्हती. कंपनीला सुट्टी, म्हणून माणसं बायकामुलांसकट आली होती. कोणी नारळ आणला होता, कोणी पेढे. एका फिटरने तर महाराजांसाठी नवा मिक्सर आणला होता, कारण आबाजी महाराजांनी दिलेली मॅचची चिठ्ठी त्याला लागोपाठ तीन वेळा खरी आली होती.

हो, मॅचचीच. पूर्वीचे बुवा मूल होण्यासाठी अंगारा द्यायचे, गुप्तधन दाखवायचे. आमच्या औद्योगिक पट्ट्यातला बुवा क्रिकेट लीगचे निकाल सांगतो. गिऱ्हाईक बदललं, तसा मालही बदलला.

महाराज गादीवर बसून डोळे मिटत, पुटपुटत आणि घडी घातलेला एक कागद हातात देत. त्यावर बाहेर तारीख, कुंकवाचं बोट लावलेलं आणि आत एकच शब्द, 'यजमान' किंवा 'पाहुणे'. जो शब्द निघेल तो संघ जिंकणार. मॅच संपेपर्यंत आत काय आहे ते सख्ख्या भावालाही सांगायचं नाही, सांगितलं तर फळ जातं. पहिल्या चिठ्ठीला दर्शनाच्या रांगा शिफ्टप्रमाणे लावल्या होत्या, कारण रात्री राबणाऱ्याचा चंद्र वेगळा असतो म्हणे. दुसऱ्या चिठ्ठीला कंपनीच्या बसच्या रूटप्रमाणे. आकुर्डीकडे जाणाऱ्याची दिशा वेगळी, चाकणला राहणाऱ्याची वेगळी. तिसऱ्या चिठ्ठीला लग्न झालेले एका बाजूला, बिनलग्नाचे दुसऱ्या बाजूला. हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी हसले होते. हसायला नको होतं, कारण सगळी लबाडी या रांगांमध्येच होती.

मी आम्रपाली. चाकणच्या एका वेल्डिंग कंपनीत अकरा वर्षं क्वालिटीत आहे. समोरची वस्तू चांगली आहे असं दहा जणांनी सांगितलं तरी ती मोजून बघायची, एवढंच माझं काम. ही सवय गेटवर ठेवून घरी येता येत नाही, त्यामुळे शेजाऱ्यापाजाऱ्यांत मी फारशी लाडकी नाही.

ज्योतीराम आमच्या शेजारच्या खोलीत राहतो. आमच्याच कंपनीत तो पत्रा दाबणारा पॉवर प्रेस चालवायचा. दिवाळीच्या आधी त्याच्या उजव्या हाताची दोन बोटं प्रेसखाली गेली. भरपाईचे दोन लाख चाळीस हजार मिळायला पाच महिने लागले. त्याची बायको तेजल हिने त्यातून पिठाची गिरणी टाकायचं ठरवलं होतं. गाळा बघून झाला होता, मशीन राखून ठेवलं होतं. नवऱ्याला पुन्हा प्रेससमोर उभं राहायला लागू नये, एवढीच तिची इच्छा होती. तोवर तो पहिल्या शिफ्टला स्टोअरमध्ये हलकी कामं करत होता.

त्या गुरुवारच्या आधीच्या रविवारी तेजल माझ्याकडे आली.

"ताई, समदे पैसे गुरवारी माळंत घालणार म्हणत्यात," ती म्हणाली. "गिरणी कशाला, गिरण्या घालणाऱ्याला कामाला ठिवीन म्हणत्यात. तुमचं ऐकलं तर बघा."

माळ म्हणजे चौथी पायरी. ज्यांच्या तीन चिठ्ठ्या खऱ्या ठरल्या, त्यांनाच तिचा मान. शनिवारपासूनच्या सात मॅचेस एकाच पैजेत ओवायच्या. सातही निकाल बरोबर आले तर हजाराचे चौऱ्याहत्तर हजार, आणि एक जरी चुकला तरी सगळं शून्य. सातही निकाल महाराज एका कागदावर देणार. महाराजांचा शिष्य मोबाइलवर आयडी, म्हणजे पैजेचं खातं, उघडून देणार आणि पैसे त्याच्याच नंबरवर टाकायचे. असल्या पैजा बेकायदा आहेत हे हॉलमधल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. म्हणून तिथे पैज हा शब्द कोणी उच्चारायचा नाही, 'संकल्प' म्हणायचं.

मी ज्योतीरामशी बोलले. त्याने शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "ताई, येकदा आलं आसतं तर मी बी योगायोग म्हनलो आसतो. तीनदा कसं येईल?" त्याला वेड्यात काढून मी घरी आले आणि रात्रभर स्वतःवरच चिडत राहिले, कारण त्याचा प्रश्न वेड्याचा नव्हता.

सोमवारी कंपनीत गाडीला लावायच्या ब्रॅकेटचा एक लॉट तपासायला आला. कागदावर शंभर टक्के पास. मी सवयीने विचारलं, लाल डबा कुठे आहे? नापास माल आम्ही लाल डब्यात टाकतो. लाइनचा लाल डबा अगदी रिकामा दिसला तर त्यातला माल कोणीतरी आधीच उचलून नेलेला असतो, हे मला अकरा वर्षांत पाठ झालं आहे. विचारता विचारताच मी थांबले. महाराजांच्या हॉलमध्ये फक्त पास झालेली माणसं बसत होती. नापास झालेली कुठे होती?

शिफ्ट बदलताना दुसऱ्या शिफ्टचा वेल्डर जयदीप भेटला. पहिल्या शिफ्टचा माणूस बाहेर पडतो तेव्हा दुसऱ्या शिफ्टचा आत शिरतो. एकाच मशीनवर काम करूनही दोघं महिनोन् महिने एकमेकांशी धड बोलत नाहीत. महाराजांना हे आमच्यापेक्षा चांगलं कळलं होतं. जयदीप आधी काही सांगेना. पहिल्याच मॅचला त्याची चिठ्ठी चुकली होती. शिष्याने त्याला ऐकवलं होतं की तुमच्या शिफ्टमध्ये कोणीतरी तोंड उघडलं. आणि जयदीपने बायकोला खरंच सांगितलं होतं. तेव्हापासून हा भला माणूस बायकोशी नीट बोलत नव्हता.

चिठ्ठी त्याच्या पाकिटातच होती. कुंकू लावलेला कागद आमच्याकडे कोणी केरात टाकत नाही. महाराजांनी पावित्र्यासाठी लावलेलं कुंकू त्यांच्याच अंगाशी आलं. मी चिठ्ठी उघडली. तारीख ज्योतीरामने मला दाखवलेल्या पहिल्या चिठ्ठीची आणि अक्षरही तेच. ज्योतीरामला आलं होतं 'यजमान', जयदीपला 'पाहुणे'.

बुधवार रात्रीपर्यंत मी लाल डबा शोधत फिरले. बसथांब्यावर, कॅन्टीनमध्ये, खोल्याखोल्यांत. तेवीस चिठ्ठ्या मिळाल्या. प्रत्येकाला वाटत होतं की चूक आपलीच झाली. कोणी म्हणे उपवास मोडला, कोणी म्हणे घरात अंडी शिजली. एवढी माणसं एकट्याने मान खाली घालून वावरत होती, आणि त्या खालच्या मानांवर तो बुवा गादी टाकून बसला होता. मला इतका राग आला की त्या चिठ्ठ्या मी तीनतीनदा मोजल्या.

गुरुवारी जयदीपसह अकरा जणांना घेऊन मी हॉलमध्ये गेले. ज्योतीराम पुढेच बसला होता, मांडीवर मोबाइल उघडा. शेजारी तेजल होती, पदर तोंडाशी धरून.

मी बोलायची परवानगी मागितली तेव्हा महाराज गोड हसले. "ही ताई तपासनीस आहे," ते लोकांना म्हणाले. "लोखंड तपासते. लेकरांनो, माणसाचं भाग्य मोजायचं गेज कुठल्या कंपनीत मिळतं?" हॉल हसला. फिटरचा मिक्सरही त्या हसण्याने हलला असेल.

मी चिठ्ठ्या सतरंजीवर मांडल्या. पहिल्या मॅचच्या एका ओळीत, दुसरीच्या दुसरीत, तिसरीच्या तिसरीत. मग पुढच्या रांगेतल्या लोकांना म्हटलं, तुमच्या चिठ्ठ्या यांच्याशेजारी ठेवा. पाचसहा जणांनी ठेवल्या. पहिल्या मॅचला पहिली शिफ्ट 'यजमान', दुसरी शिफ्ट 'पाहुणे'. दुसऱ्या मॅचला चाकणची बस एक, आकुर्डीची बस उलट. तिसऱ्याला लग्न झालेले एक, बिनलग्नाचे उलट.

"चारशे जणांना चिठ्ठ्या दिल्या असं धरा," मी म्हटलं. "अर्ध्यांना एक संघ, अर्ध्यांना दुसरा. कोणीही जिंको, दोनशे जणांना महाराज खरे वाटणार. त्या दोनशेंचे पुन्हा दोन भाग, उरले शंभर. पुन्हा दोन भाग, उरले पन्नास. ते पन्नास म्हणजे तुम्ही. बाकीचे साडेतीनशे घरी बसून स्वतःला दोष देताहेत. त्यातले अकरा इथे उभे आहेत."

कुजबुज सुरू झाली. मागून एक म्हातारे गृहस्थ म्हणाले की चिठ्ठ्यांचं सोडा, पण माळेतल्या मॅचेस खात्रीच्या आहेत, तगडा संघ आणि दुबळा संघ. हे मला अपेक्षित होतं. पैजवाले याच खात्रीवर जगतात.

आमच्या ब्रॅकेटला सात वेल्ड, म्हणजे सात जोड असतात. मी विचारलं, शंभरातले ऐंशी वेल्ड बरोबर मारणारा माणूस असला तर शंभर ब्रॅकेटमधले किती पास होतील? तिघाचौघांनी एकदमच सांगितलं, ऐंशी. मी त्यांनाच मोजायला लावलं. पहिल्या वेल्डनंतर ऐंशी. त्यातले दुसऱ्यानंतर चौसष्ट. मग एक्कावन्न, एक्केचाळीस, तेहतीस, सव्वीस, आणि सातव्यानंतर एकवीस. शंभरातले एकोणऐंशी भंगारात. सहा वेल्ड पक्के आणि एक सुटलेला असला तर तो ब्रॅकेट गाडीला लावता का, असं विचारल्यावर पुढच्या रांगेतल्यांनी नकारार्थी माना हलवल्या. असा ब्रॅकेट सगळे रोज भंगारात टाकतात. हातांना माहीत असलेली गोष्ट डोक्यापर्यंत पोचू दिली नव्हती, एवढंच.

"ही झाली खात्रीची गोष्ट," मी म्हटलं. "बरोबरीच्या संघांत सातही निकाल जुळायची शक्यता एकशे अठ्ठावीसात एक. म्हणजे हजाराचे एक लाख अठ्ठावीस हजार मिळायला हवेत. हे देतात चौऱ्याहत्तर. एका मॅचला थोडंसं कापतात, कळतही नाही. सात ओवल्या की सातदा कापतात. म्हणून त्यांना माळ आवडते."

महाराजांचं हसू आता ताणलं गेलं होतं. ते म्हणाले की अश्रद्धेपुढे विद्या चालत नाही. मी म्हटलं, मग साधी गोष्ट करा. शनिवारच्या एकाच मॅचचा निकाल आत्ता, सगळ्यांसमोर, एकाच कागदावर मोठ्या अक्षरात लिहा आणि भिंतीला लावा. सगळ्यांना तोच. त्यांनी डोळे मिटले. कागदाला मात्र हात लावला नाही.

तेवढ्यात जयदीपने मोबाइल वर धरला आणि शिष्याने त्याला पाठवलेला मेसेज वाचून दाखवला. चिठ्ठी चुकल्यावर सेवेची दुसरी संधी म्हणून तो मेसेज आला होता. माणसं आण, त्यांना आयडी काढून दे, ती हरली की बुडालेल्या शंभरातले तीस तुझे.

मी एवढंच विचारलं, जो तुम्हाला जिंकवणार आहे, तो तुमच्या हरण्याचा वाटा का वाटतो?

ज्योतीराम इतका वेळ चिठ्ठ्यांकडे बघत होता. "पर माझं तीनदा खरं आलं," तो हळूच म्हणाला. मी सांगितलं, दादा, आठ जणांतल्या एकाचं येणारच होतं. तुमचं आलं. तुमच्याजागी जयदीपचं आलं असतं तर तो इथे बसला असता आणि तुम्ही माझ्या मागे उभे असता.

तो उठायला लागला तसे महाराज पुढे वाकले आणि त्यांनी त्याचा उजवा हात हातात घेतला. "बाळा, ऐकू नकोस," ते म्हणाले. "देवाने तुझी बोटं उगाच नाही घेतली. तो हात भरून देण्यासाठी त्याने आधी रिकामा केला."

ज्योतीरामने हात सोडवून घेतला.

"देवानं न्हाई घेतली," तो म्हणाला. "माल लवकर निघावा म्हून, हात आत गेला की प्रेस थांबिवनारा सेन्सर बंद ठिवला व्हता. त्यो चालू आसता तर बोटं ऱ्हायली आसती. तवा बी समदे म्हनले नशीब, आन् मी बी म्हनलो."

त्याने मोबाइल तेजलच्या हातात दिला आणि दोघं जिना उतरून गेले. त्यांच्यामागे बरेच जण उठले. त्याच दुपारी आम्ही बारा जणांनी पोलीस ठाण्यात फसवणुकीची लेखी तक्रार दिली. महाराज तोवर मिक्सर घेऊन निघून गेले होते.

सगळे शहाणे झाले असं लिहायला मला आवडलं असतं. एकोणीस जणांनी तरीही माळ घातली, महाराजांनी फोनवर सांगितल्याप्रमाणे. सहा निकाल बरोबर आले, सातवा चुकला आणि एकोणीसही जणांचे पैसे बुडाले. त्यातला फिटर मला कॅन्टीनमध्ये भेटला तेव्हा त्याचे डोळे चमकत होते. "एकच चुकला, मॅडम," तो म्हणाला. "सहा बरोबर सांगितले. महाराज खरे होते." पैसे गेल्याचं त्याला दुःख होतं, पण त्याहून जास्त पुढच्या माळेची घाई होती. मी तिथे आवाज चढवला. चढवायला नको होता, पण चढवला.

म्हणून जे सांगायचं ते सरळ सांगते. देव मानायचा की नाही हे तुमचं तुम्ही ठरवा. पण कोणी भविष्य सांगायला लागला तर ते सगळ्यांसमोर, एकच आणि आधी लिहायला सांगा. तो गप्प राहायची शपथ घालत असेल तर उठून घरी जा. ज्याचं चुकलं त्याला शोधा आणि त्याच्याशी बोला. सात खात्र्या एकत्र बांधल्या की मोठी खात्री तयार होते असं कोणी म्हणालं तर कागद घ्या आणि गुणाकार करा. शाळा सोडलेल्या माणसालाही तो येतो. आणि फसलात तर लाजू नका. तुमची लाज हेच त्यांचं भांडवल आहे.

गेलेला पैसा पुन्हा कमावता येतो, असं माळ घातलेल्यांपैकी काही जण अजून म्हणतात. ज्योतीरामने ते दोन लाख चाळीस हजार कसे कमावले, ते त्याची बोटं गेली त्या दिवशी मी प्रेसशेजारी उभी राहून पाहिलं आहे.