लाल शाईतलं पाकीट

भिंगरी एका जागी ठरायची नाही, म्हणून ती भिंगरी. तिच्या बाबांना मात्र तीन वर्षं एका जागी बसवून ठेवलं होतं. शिक्षा म्हणायचं नाही हं! 'निलंबन ही शिक्षा नव्हे,' असं आदेशातच छापलं होतं. चौकशी होईपर्यंत घरी बसा, एवढंच.

बाबा सरकारी कचेरीतलं जुनं दप्तर सांभाळायचे. ते आठ दिवस तापाने पडले, नेमकी तेव्हाच जमिनीची एक फाईल मागायला कुणीतरी आलं. फाईल सापडेना. खापर बाबांवर फुटलं.

फाईल कुठे आहे ते बाबांना पक्कं ठाऊक होतं. तिचा गठ्ठा बांधायचं फडकं फाटलं होतं, म्हणून त्यांनी ती शेजारच्या गठ्ठ्यात सरकवली होती आणि खुणेला पांढरा दोरा बांधला होता.

"साहेब, दोन मिनिटं आत सोडा, काढून देतो."

"निलंबित माणसाला आत जाता येत नाही. तोंडी काही सांगू नका, लेखी द्या."

मग बाबांनी लेखी दिलं. त्यांचं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय, तेव्हा सातवीतल्या भिंगरीने सगळं सुवाच्य उतरवून काढलं. गठ्ठा कुठला, दोरा कुठे, सगळं.

"पाकिटावर 'गोपनीय' लिही," बाबा म्हणाले. "चौकशी अधिकाऱ्यानेच उघडायचं. नियम म्हणजे नियम."

तिने लाल शाईने लिहिलं, खाली दोन रेघा ओढल्या आणि हौसेने एक उद्गारचिन्हही ठोकून दिलं.

पहिले चौकशी अधिकारी बदलून गेले. दुसरे दीर्घ रजेवर. तिसरे हजरच झाले नाहीत. बाबा वर्तमानपत्र घडीवर घडी घालून वाचत राहिले आणि भिंगरी दहावीत गेली. वर्गात कुणीतरी डोळे मिचकावत विचारलं, "तुझे बाबा कचेरीत का जात नाहीत गं?" त्या संध्याकाळी ती दप्तर आपटून म्हणाली,

"मी इतकं स्वच्छ लिहून दिलंय, तरी तीन वर्षांत कुणालाच कशी सापडत नाही? खरं सांगा ना बाबा, हरवलीच ना तुमच्याकडून?"

आईने तिच्याकडे डोळे वटारले. बाबांनी वर्तमानपत्राची आणखी एक घडी घातली. त्यानंतर त्यांनी फाईलचं नाव काढलं नाही. निवृत्तीच्या दिवशी सकाळी त्यांनी सदऱ्याला इस्त्री केली आणि तो तसाच खुंटीला लावून ठेवला.

दोन महिन्यांनी कचेरीतले शिपाईकाका धापा टाकत आले.

"सुटलात तुम्ही! चौथे साहेब आले, पाकीट फोडलं, वाचलं, मला आत पिटाळलं. गठ्ठा ओढला, तर पांढरा दोरा! दहा मिनिटंसुद्धा लागली नाहीत."

"मग इतकी वर्षं?" भिंगरीने विचारलं.

"अगं, गोपनीय होतं ना ते! तेही लालभडक. हात कोण लावणार? कपाटात कुलूप घालून जपलं. आणि वर ते उद्गारचिन्ह, साहेब काय हसले म्हणून सांगू!"

भिंगरीने खाली मान घालून चहाचा कप त्यांच्यापुढे ठेवला.

बाबांनी एवढंच विचारलं, "फाईल परत तिच्या गठ्ठ्यात ठेवली ना? नवं फडकं लावलंत?"

"कोण लावतंय आता," शिपाईकाका म्हणाले आणि चहा संपवून निघून गेले.

ती बाबांच्या मागोमाग आतल्या खोलीत गेली. "बाबा, मी तेव्हा तसं बोलायला नको होतं. आणि ते पाकीट..."

"पाकीट माझ्या सांगण्यावरून लिहिलंस. तुझं काय चुकलं त्यात?" ते खाटेवर टेकले. स्वतःच्या बोटांकडे बघत म्हणाले, "मला तरी कुठे माहीत होतं, ते कुणी उघडलंच नाही? तू म्हणालीस, तेव्हापासून मलाही वाटायला लागलं होतं. दोरा बांधलाच नसेल मी. हरवलीच असेल."