गप्प माणसाचा सिनेमा

आखातातल्या सलालाहच्या एका हॉटेलात स्टॅन्ली लाँड्री सांभाळायचा, पण कुणी विचारलं तर स्वतःला कॅमेरामन म्हणवायचा. वसईहून आल्यापासून तिथल्या आपल्या लोकांतलं एकही लग्न, एकही बाप्तिस्मा त्याच्या व्हिडिओ कॅमेऱ्यातून सुटला नव्हता. कॅसेटी इंडियात घरी जायच्या, म्हणून कॅमेरा चालू झाला की तो ओरडायचा, "यल्ला, चला, घरच्यांना काहीतरी बोला!" मग अबोल माणसंसुद्धा आईच्या गुडघ्यांची चौकशी करायची.

नव्व्याण्णवच्या खरीफात, म्हणजे तिथल्या पावसाळ्यात, सलालाह धुक्यात बुडालं असताना, तोकुनागा नावाचे जपानी दिग्दर्शक तिथं उतरले. कुठल्याही कंपनीच्या दारात न जाता त्यांनी तीन सिनेमे काढले होते. पहिल्यात म्हातारी मुळा सोलते, दुसऱ्यात नुसतं तळं, तिसऱ्यात माणूस बसची वाट बघतो आणि बस येतच नाही. तिन्ही वेळा त्यांची बायको मध्येच उठून गेली होती. चौथाही पडला तर मुकाट सासऱ्याच्या नूडल्सच्या दुकानात बसायचं, असं ठरलं होतं. त्यांचा मदतनीस पोट धरून आडवा झाला, तेव्हा स्टॅन्ली धावतच गेला. एकदाचा खरा सिनेमा!

शेवटच्या दृश्यासाठी तोकुनागांनी हॉटेलचा माळी शांताराम निवडला. हा वेंगुर्ल्याचा. बायको भांडून माहेरी गेल्यापासून तो माडाखाली घुम्यासारखा बसे. त्यानं कॅसेट संपेपर्यंत नुसतं धुक्याकडे बघायचं होतं. कॅमेरा चालू केला आणि टोकियोहून फोन आला. "कशालाही हात लावू नका," असं बजावून तोकुनागा रिसेप्शनकडे पळाले.

स्टॅन्लीनं हात लावला नाही, देवाशप्पथ. पण चालू कॅमेऱ्यापुढे गप्प बसलेला माणूस त्याला बघवेना.

"शांताराम, मयताला आल्यासारखा काय बसलायस? घरी काय सांगायचंय ते सांग ना!"

शांतारामानं कॅमेऱ्याकडे पाहिलं. "शीला, चूक माझीच गो. रागान बोललंय. आता आपल्या घराक जा." मग तो ढसाढसा रडला, नाक पुसलं आणि टाटाही केला.

तोकुनागा परतले तेव्हा कॅसेट संपली होती आणि दुसऱ्या दिवशीचं विमान ठरलेलं होतं. तो काय बोलला, असं त्यांनी विचारलं. स्टॅन्लीनं खाली मान घालून शब्दन् शब्द सांगितला. ते ओरडले असते तर परवडलं असतं. ते कमरेत वाकून नमस्कार करून निघून गेले. एका भल्या माणसाला आपण नूडल्स विकायला बसवलं, या विचारानं स्टॅन्लीला अन्न गोड लागेना.

दिवाळी उलटल्यावर टोकियोहून फोन आला. तोकुनागा आनंदानं किंचाळत होते. "बायको शेवटपर्यंत बसली! तुम्ही सांगितलेले शब्द पडद्यावर खाली दिले, अख्खं थिएटर रडलं! ती विचारतेय, शीला घरी गेली का?"

स्टॅन्ली उड्या मारत बागेत गेला. "काय रे, शीलावहिनी गेल्या का घरी?"

"नाय. तिचो जबाब येतलो म्हणान वाट बघतंय. कॅसेट कधी पोचली तिका?"

स्टॅन्लीच्या उड्या जागीच थांबल्या. "कॅसेट... ती तर जपानला गेली."

"मेल्या, माका वाटला, तू घराक धाडलंस! म्हणान तर मी फोन करूक नाय!"

स्टॅन्लीनं त्याचं बखोट धरून त्याला फोनबूथमध्ये कोंबलं, आपलं कार्ड घातलं, नंबर फिरवायला लावला. पलीकडून आवाज आला तसं शांतारामानं नाक पुसलं. मग तो बोलला, "शीला, मी बोलतंय. अगो, सगळ्या जपानान ऐकल्यान, तूच तेवढी ऱ्हवलंस."