अर्ध्यातून पळणाऱ्यांच्या टोळीत

मी एक जुना हेडफोन आहे, मित्रांनो. माझा डावा कान कायमचा गेला आहे, डोक्यावरच्या पट्टीला काळी टेप गुंडाळलेली आहे, आणि तरीही आज मला आनंद नुसता मावेनासा झाला आहे! का, ते सांगतो. पण एक अट आहे. गोष्ट अर्धी टाकून उठायचं नाही. अर्ध्यातून उठणाऱ्यांचं काय होतं, ते मी फार जवळून ऐकलं आहे.

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. कानांत तारा जोडल्या, वर मऊ उशा चढवल्या, तोंडापुढे एक नाजूक माईक वाकवला आणि मला खोक्यात घातलं. बाहेर निघालो तो थेट पुण्याच्या तपकीर गल्लीत, विजेच्या वस्तूंच्या एका चिंचोळ्या दुकानात. सलिल नावाच्या गृहस्थांना मुलीच्या वाढदिवसाला भेट हवी होती. त्यांनी मला उलटसुलट करून पाहिलं आणि विचारलं, "टिकेल ना हो?"

दुकानदार पेपरातून मान वर न काढता म्हणाला, "आपटला नाही तर टिकेल. आपटायचंच असेल तर नारळ घ्या."

मला तेव्हा फार हसू आलं होतं.

ती मुलगी म्हणजे ओवी. आठवीत शिकणारी, सदाशिव पेठेत तिसऱ्या मजल्यावर राहणारी. बोटं चपळ, डोकं तल्लख आणि राग सदैव नाकाच्या शेंड्यावर! तिने मला डोक्यावर चढवलं, संगणक सुरू केला आणि माझ्या आयुष्याला अशी धूम सुरुवात झाली की विचारू नका! 'बुरूजझुंज' नावाचा खेळ होता. चार जणांविरुद्ध चार जण, प्रत्येक बाजूला पाच बुरूज. ज्यांचे पाचही पडतील ते हरले. ओवीच्या संघाचं नाव 'चांडाळचौकडी'. संघात कसब्यातली दोन भावंडं होती, अरफात आणि शबनम. चौथा अवधूत, तो धायरीचा. चौघं आपापल्या घरून खेळायचे आणि चौघांचे आवाज माझ्या पोटातून ये-जा करायचे.

"ओवी, मागून आला! मागून!"

"दिसला, दिसला! शबनम, दार लाव!"

"आपुन हाय ना इथं, घाबरताय कशाला?" हा अवधूत.

काय दिवस होते ते! जिंकल्यावर चौघं असे ओरडायचे, की माझ्या उशा थरथरायच्या. अरफात म्हणायचा, "ओवीसारखा नेम पुण्यात कुणाचा नाही." ते ऐकताना ओवीचे कान गरम व्हायचे. मला लगेच कळायचं, मी तिथेच तर असायचो.

पण मित्रांनो, जिंकताना सगळेच गोड असतात. हरायला लागलं की आमच्या बाईसाहेबांचं रूप पालटायचं. दोन बुरूज पडले की तिचा श्वास फुलायचा. तिसरा पडला की ती म्हणायची, "जाऊ दे, नाहीच खेळत." एक बटण दाबून ती खेळाबाहेर व्हायची, आणि मी डोक्यावरून उडून थेट टेबलावर! बाहेर पडता पडता अरफातचा आवाज शेवटचा कानी पडायचा, "ओवी, आहेस ना? ओवी, आहे..." आणि मग एकदम शांतता. तिकडे ते तिघं चौघांशी लढत राहायचे आणि बहुधा हरायचे. अशाच एका आपटण्यात माझा डावा कान गेला. सलिलरावांनी पट्टीला टेप गुंडाळून दिली आणि म्हणाले, "नारळच घ्यायला हवा होता."

आता तुम्ही विचाराल, मित्रांनी तिला खडसावलं कसं नाही? त्याची एक गंमत आहे. ओवीचे श्रीधर आजोबा निवृत्त शिक्षक. दुपारी एक ते चार घरात टाचणी पडलेली त्यांना खपत नाही. मे महिन्याच्या सुट्टीत एका दुपारी त्यांनी राऊटरचंही बटण बंद केलं. म्हणाले, "सकाळपासून लुकलुकतोय बिचारा. त्यालाही जरा आडवं होऊ दे." ओवी ऐन खेळातून तुटली. तिने मित्रांना खरं काय ते सांगितलं, तर तिघं पोट धरून हसले आणि विषय संपला.

झालं! आयती सबब सापडली. त्या दिवसानंतर आजोबांनी राऊटरला हात लावला नव्हता, कारण ओवीच्या आईच्या, अस्मिताताईंच्या, ऑफिसच्या मीटिंगा घरूनच चालायच्या. पण ओवी मात्र हरताना पळायची आणि ग्रुपवर लिहायची, "सॉरी यार, आजोबांनी परत राऊटर बंद केला." अवधूतने किती दिवस घासून रँक चढवली होती, एका दुपारी ती घसरली, तरी तो म्हणाला, "म्हातारं माणूस हाय, चालायचंच." मला इतकी लाज वाटली म्हणून सांगू! माईक असून मला बोलता येत नव्हतं.

मित्रांना सबब चालली, पण खेळाला कुठे आजोबा असतात? तो प्रत्येक पळण्याची नोंद घेत होता. आधी थोडा वेळ बंदी. मग अख्खा दिवस बंदी. प्रत्येक खेळाडूला भरवशाची एक पट्टी होती, हिरवी. ओवीची पिवळी झाली, मग लाल. लाल झालेल्याला आपल्या मित्रांशिवाय एकट्याने खेळायला उतरायचं असेल, तर संघातही लालच सोबती मिळायचे. ओवीने हे कुणालाही सांगितलं नाही.

आणि नेमकी दिवाळीच्या सुट्टीत शाळकरी मुलांची शहर-स्पर्धा जाहीर झाली! चौकडीने नावं दिली. एकदा दिलेली नावं बदलायची सोय नव्हती. नियम साधा होता: आदल्या शनिवारी संध्याकाळी संघातल्या एकाचीही पट्टी लाल असेल, तर अख्खा संघ बाद.

त्याच आठवड्यात दारावरची बेल वाजली. दुपारी दीडला! सदाशिव पेठेत! आजोबांनी दार उघडलं. बाहेर अरफात आणि शबनम, हातात गरम खारीचा पुडा.

"बेल दाबण्याआधी घड्याळ बघायची पद्धत आहे आमच्याकडे," आजोबा म्हणाले.

"बघूनच आलो, आजोबा," अरफात अदबीने म्हणाला. "एक विनंती होती. रविवारी आमची स्पर्धा आहे, त्याआधी दुपारी सराव करायचाय. तेवढे दिवस आपण राऊटर बंद नाही केला तर फार बरं होईल. ही खारी खास आपल्यासाठी."

आजोबांनी चष्मा वर केला. "मी? अरे, सूनबाईंची मीटिंग असते दुपारी. मे महिन्यानंतर मी त्या डबीला बोटही लावलेलं नाही."

मी ओवीच्या गळ्यात होतो. ती आजोबांच्या मागून हळूच आत सरकायला लागली.

शबनम तिच्याकडे बघत म्हणाली, "म्हणजे दर वेळी तूच गेलीस."

"मी सांगणार होते..."

"तुझी पट्टी दाखव," अरफात म्हणाला. तिने दाखवली. लालभडक! अरफात काही ओरडला नाही, तेच जास्त लागलं. "तुझ्यामुळे आम्ही तिघंही बाहेर, ओवी. आणि आम्ही फुकट तुझ्या आजोबांना हसत होतो." दोघं जिना उतरून गेली.

आजोबांनी पुडा हुंगला. "खारी ठेवून गेली आहेत. म्हणजे राग माझ्यावर नाही." मग ते नातीकडे वळले. "माझं नाव वापरलंस, ते मी बघून घेईन. त्यांचं काय करणार आहेस?"

उपाय एकच होता. लाल पट्टी वर चढवायची, तर सामने शेवटपर्यंत खेळायचे. जिंका किंवा हरा, खेळाला त्याचं सोयरसुतक नव्हतं. पळायचं नाही, एवढंच. ओवीने मला कानावर चढवलं आणि आम्ही दोघं लालांच्या टोळीत शिरलो.

अहाहा, काय ती टोळी! चौघांतले चौघंही पळपुटे! पहिला बुरूज पडायचा अवकाश, की एक गायब. दुसरा पडला की उरलेले दोघं गायब. एक पठ्ठ्या तर सामना सुरू होण्याआधीच म्हणाला, "आज मूड नाय," आणि गेला. एकदा आम्ही जिंकत होतो, तरी एक जण जेवायला म्हणून उठला तो परत आलाच नाही! ओवी कपाळाला हात लावून ओरडायची, "अरे, थांबा ना रे! असं कसं कोणी जातं?" मला हसूही येत होतं आणि तिची दयाही येत होती. आपण अरफातचं काय करत होतो, ते तिला आता घरबसल्या कळत होतं. एका संध्याकाळी ती माईक बंद करून मुसमुसून रडली. पण सामना सोडला नाही हं!

पट्टी हळूहळू चढत होती. शनिवारची दुपार आली. आता एक सामना शेवटपर्यंत खेळला की लाल रेषा पार. मधेच सोडला तर नवी बंदी, आणि स्पर्धेच्या नावाने आंघोळ.

सामना सुरू झाला आणि बघता बघता तिन्ही सोबती पसार! ओवी एकटी. समोर चार. माझ्या उजव्या कानात फक्त शत्रूची पावलं. एक बुरूज पडला. दुसरा. ते चौघं मजा करत होते. मुद्दाम हळूहळू मारत होते. तिसरा पडला. ओवीचा श्वास फुलला. तिचा हात माझ्या पट्टीवर आला. मी डोळे मिटले असते, असते तर!

तेवढ्यात मागून आवाज आला. आजोबा ऐन झोपेच्या वेळी उठून आले होते.

"हरते आहेस का?"

"हो," ओवी रडवेली होऊन म्हणाली. "एकटीच आहे. काही उपयोग नाही."

"मग नीट हर," आजोबा म्हणाले, आणि खुर्ची ओढून शेजारी बसले.

हात खाली आला. आणि मग पोरगी जी लढली! चौथ्या बुरुजावर तिने दोघांना लोळवलं. "हा बघ, हा डावीकडचा!" आजोबाच ओरडायला लागले. चौथा पडला. पाचव्याच्या दारात ती उभी राहिली, मागे हटली, पुन्हा पुढे आली, आणि शेवटी पडली. हरली! सपशेल हरली! पण पडद्यावरची पट्टी लाल रेषा ओलांडून वर गेली आणि ओवीने आजोबांना अशी मिठी मारली की मी दोघांच्या मध्ये चेपून निघालो. मला तेव्हा काय वाटलं म्हणून सांगू! असा हरलेला सामना मी कधी ऐकला नव्हता.

तिने ग्रुपवर लिहिलं, "पट्टी ठीक झाली. आजोबांचं नाव खोटं घेतलं, माझं चुकलं. उद्या येऊ ना?" मग अरफातचा एकच शब्द आला, "ये."

रविवारी सभागृह मुलांनी गच्च भरलं होतं. चौघं एका रांगेत बसले, मी ओवीच्या डोक्यावर. पहिला सामना सुरू झाला. आमचा एक बुरूज पडताच माझ्या कानात अरफातचा आवाज आला, "ओवी, आहेस ना?"

मित्रांनो, ती त्याच्या शेजारच्या खुर्चीवर बसली होती! कोपराला कोपर लागत होतं! तरी तो विचारत होता. ओवीचा चेहरा उतरला. "आहे," ती म्हणाली. दुसऱ्या सामन्यात पुन्हा तेच. बुरूज पडला की, "ओवी, आहेस ना?" आणि ती दर वेळी, "आहे." बंदी उठली होती, पट्टी चढली होती, पण ही शिक्षा काही संपत नव्हती. दोन्ही सामने आम्ही जिंकलो, तरी तिला धड हसता येईना.

अंतिम सामना! समोरचा संघ म्हणजे एकेक वाघ. आमचा एक बुरूज गेला, दुसरा गेला. शबनम दात-ओठ खात लढत होती. अवधूत ओरडत होता, "सोडायचं न्हाई! मी हाय इथंच!" तिसरा गेला. चौथा तर डोळ्यांदेखत कोसळला. एकच उरला. सभागृहात नुसता कल्ला. मी उजवा कान टवकारून अरफातच्या त्या प्रश्नाची वाट बघत होतो. ओवीही बघत होती. तिचे ओठ 'आहे' म्हणायला उघडलेसुद्धा होते.

अरफातने विचारलंच नाही.

"ओवी, तू उजवीकडून घुस," तो म्हणाला, "दार मी धरतो." बस्स! आणि तिच्याकडे न बघता, पडद्यावर उजव्या बाजूला खुशाल पाठ करून त्याने दार धरलं.

ओवी हसली. त्या धुमश्चक्रीत, हरता हरता, मोठ्याने हसली! आणि उजवीकडून अशी घुसली की समोरच्यांचे दोन बुरूज एका दमात खाली. आम्ही हरलो, मित्रांनो, थोडक्यात हरलो. दुसरे आलो. पण शेवटच्या क्षणापर्यंत चौघं होते, आणि त्यांच्या आरडाओरड्याने माझा उरलेला कानही जाणार की काय, असं मला वाटलं. गेला असता तरी चाललं असतं!

आता सगळेजण नवीन हेडफोनच्या गोष्टी करताहेत. मी कदाचित कपाटात जाईन. त्याचं दुःख नाही. तुम्हाला एवढंच मागणं आहे: वस्तू आपटू नका, आमच्या सगळ्याच जखमांना टेप लागत नाही. आणि खेळायला बसलात, तर पलीकडे तुमच्या भरवशावर कुणीतरी शत्रूकडे पाठ करून उभं आहे, हे विसरू नका. त्याला एकटं टाकून उठू नका.