कोऱ्या कागदावरची सही

हंबीरराव गावचे पोलीस पाटील. पलटणीतून परतल्यापासून सोळा वर्षं त्यांनी हे पद मिरवलं. साप चावून कुणी मेलं असो की ट्रॅक्टरखाली, पंचनाम्याच्या कोऱ्या कागदावर ते आधीच झोकात सही ठोकत. मजकूर फौजदारसाहेब मागाहून ठाण्यात पंख्याखाली बसून भरत. उन्हात ताटकळायचं कुणी? आजवर कुणाचं काही बिघडलं नव्हतं.

तात्याबाच्या वेळीही त्यांनी तेच केलं. नदीत मळी सोडणाऱ्या साखर कारखान्यापुढं तात्याबा महिनाभर धरणं धरून बसला होता. मंगळवारी पोलिसांनी त्याला घरातून उचललं, गुरुवारी तो विहिरीत सापडला.

"मंगळवारीच सोडला होता त्याला. पाय घसरला असेल," फौजदार म्हणाले.

हंबीररावांनी दोन्ही मनगटांवरचे काळेनिळे वळ पाहिले, मान फिरवली आणि सही केली.

पंधरवड्यानं तात्याबाची बायको साळूबाई पंचनाम्याची नक्कल घेऊन दारात आली.

"भावजी, वकील सांगत्यात ते मला पटंना. तुमीच वाचून दावा."

हंबीरराव वाचू लागले. 'प्रेताच्या अंगावर कोणतीही जखम अगर वळ दिसून येत नाही.' खाली त्यांचीच सही.

"आंगूळ घालताना मला दिसलं," साळूबाई म्हणाली. "तुमाला न्हाई दिसलं?"

नाही म्हणणं सोपं होतं. त्यांची लेक पूजा पोलीस भरतीत निवडली गेली होती आणि तिची चारित्र्य पडताळणी त्याच ठाण्यात पडून होती. पाण्यात राहून माशाशी वैर कोण करतं? पण आयुष्यात पहिल्यांदा हंबीररावांना आपल्या सहीची लाज वाटली.

"दिसलं, वैनी. सही केली तवा कागुद कोरा हुता."

साळूबाई रडली नाही, की तिनं शिव्याशाप दिले नाहीत.

"मग आता भरा की," ती म्हणाली.

हंबीरराव जागचे हलेनात. तेवढ्यात आतून पूजा आली. तिनं सगळं ऐकलं होतं. बापापुढं वही आणि पेन ठेवून ती भिंतीला टेकून उभी राहिली.

"पूजा, तुजं काय हुईल, पोरी?"

"ल्ह्या, आबा."

ते लिहायला बसले. मंगळवार, गुरुवार, विहीर, दोन्ही मनगटं. पानभर झालं. मग सोळा वर्षांत प्रथमच त्यांनी लिहिलेलं सगळं वाचून पाहिलं आणि शेवटच्या ओळीला अगदी खेटून सही केली. मध्ये आणखी एक शब्द घुसवायलाही त्यांनी जागा ठेवली नाही.