जिनिंगची आग

लढाईचा तिसरा दिवस होता. बसस्टँडजवळच्या हॉटेलात टीव्हीपुढं अर्धं गाव लोटलं होतं. अंगणवाडीतून घरी निघालेली दामिनी टाळ्या ऐकून दारातच थांबली. पडद्यावर आगीचे लोळ उठत होते आणि खाली ठळक पट्टी फिरत होती: पाकिस्तानचं बंदर खाक.

बंदर कसलं, ती तर भैंसा गावातली कापसाची जिनिंग मिल. कापसाच्या गंज्या पेटल्या होत्या आणि पिवळ्या शर्टातला एक माणूस पाइप ओढत धुरात शिरत होता. महिपत. तिचा नवरा. चार वर्षांपूर्वी त्या धुरातून तो बाहेर आलाच नाही. मूळ व्हिडिओतल्या त्याच्या ओरडण्याच्या जागी आता भोंगे वाजत होते.

"जळू द्या साल्याईले," कोणीतरी म्हणालं, आणि लोक हसले.

दामिनी आत घुसून टीव्हीपुढं उभी राहिली. गल्ल्यावर हॉटेलवाले सुधाकरराव बसले होते. "थो माहा नवरा हाय," ती त्यांना म्हणाली. "तुमीच खांदा देल्ता त्याले. आता ओळखू येत नाही काऊन?"

सुधाकररावांनी मान खाली घातली. मागून आवाज आला, "बाजूला व्हा बाई, दिसून नाही राह्यलं."

ती तडक दिराकडं, रविकांतकडं गेली. चौकशी व्हावी म्हणून तो व्हिडिओ त्यानंच तेव्हा नेटवर टाकला होता.

"पाह्यलं मी, वयनी. तिकडच्या चॅनलवरबी हेच चालू हाय. ते म्हंतात, भारताचा दारूगोळा उडवला."

"मंग गप काऊन बसले तुमी?"

"बोललो तं गद्दार म्हंतीन लोक."

"म्हनू द्या. दोन्हीकडचे टाळ्या पिटून राह्यले, अन् मेला आपला मानूस. लिहा, भाऊजी."

रविकांतनं लिहिलं, मूळ व्हिडिओ तारखेसकट जोडला. दिवस मावळायच्या आत शिव्यांचा पाऊस पडला. इकडच्यांनी त्याला गद्दार ठरवलं, तिकडच्यांनी खोटारडा. दामिनीनं चॅनलला फोन लावला. "शिकायत नोट कर ली है, मॅडम," पलीकडची मुलगी म्हणाली. आग चालूच राहिली.

दोन दिवसांनी लढाई थांबली, तेव्हा कुठं ती चित्रं गेली. माफी कोणी मागितली नाही. सुधाकरराव तेवढे घरी आले. "चुकलं, पोरी," उंबऱ्यावरूनच म्हणाले.

दामिनीनं त्यांना बसा म्हटलं नाही. "इथं नका सांगू. तुमच्या हॉटेलात सांगा, त्याच लोकाईपुढं." तिनं दार लावून घेतलं.

त्याला महिना झाला. सुधाकररावांनी अजून सांगितलेलं नाही. दामिनी रोज हॉटेलापुढं क्षणभर थांबते आणि ते नजर चुकवेपर्यंत त्यांच्याकडं बघत राहते.