घंटा वाजतेय तोवर

मी सभागृहाची घंटा बोलतेय. वाजणं बंद झालंय, म्हणून बोलतेय.

जुन्या तोफा वितळवून मला ओतलं, असं ओतारी सांगायचा. खरंखोटं तोच जाणे. पण काम मोठं मिळालं. मतदानाआधी मी वाजायचे आणि उपाहारगृहातले सभासद अर्धा चहा टाकून धावत सुटायचे. मी वाजतेय तोवर दारं उघडी. मी थांबले की दारवान ती लावून घेणार, नियमच तसा होता.

माझी दोरी ताईंच्या हातात असायची आणि दारावर त्यांचा सख्खा धाकटा भाऊ. कितीतरी पंतप्रधान आम्ही घरी पाठवले. बहुमत गेलं की बिचारे तोंड पाडून, आपली बॅग आपणच उचलून निघायचे. त्यांच्या जागी दुसरा यायचा. कुणाच्या केसालाही धक्का लागायचा नाही.

भावाला मात्र याचा वीट आला होता. "हे काय सरकार? आज बसतंय, उद्या पडतंय! एकच खमका माणूस आणा, कुणाला पाडता न येणारा."

"आणि तोच बिघडला तर रे?" ताई विचारायच्या. तो हसण्यावारी न्यायचा.

मग तसं विधेयक आलंच. पंतप्रधानपद रद्द. राष्ट्राध्यक्ष एकदा निवडला की मुदत संपेपर्यंत सभागृहाला त्याला हलवता येणार नाही. मतदानाच्या दुपारी विरोधकांच्या गाड्या पोलिसांनी पुलावर अडवल्या. ते पायीच निघाल्याचं कळलं आणि ताईंनी दोरी सोडलीच नाही. मी जीव तोडून वाजत होते.

भाऊ धावत आला. "ताई, बस कर! साहेब खवळलेत. नोकरी जाईल माझी."

"अरे, पायऱ्यांपाशी आलेत ते. जरा थांब ना!"

त्याने त्यांची बोटं एकेक करून दोरीवरून सोडवली. दारं लागली. बाहेरून मुठी आपटत राहिल्या आणि आत हात वर झाले.

कामात अडथळा आणला म्हणून ताईंना त्याच संध्याकाळी नेलं. पूर्वी अशा बाईसाठी कुणीतरी सभासद उठून पंतप्रधानाला जाब विचारायचा आणि त्याला उत्तर द्यावंच लागायचं, नाहीतर मी होतेच. राष्ट्राध्यक्ष इकडे फिरकतही नाही. आता तर सभागृहच बरखास्त झालंय आणि माझ्या आतला, आपटून मला वाजवणारा लोळाही काढून नेलाय.

भाऊ अजून इथेच पहाऱ्याला आहे. काल तो माझ्याखाली आला आणि दोरी ओढू लागला. ओढतच राहिला. "माझी ताई कुठंय, एवढं तरी सांगा," असं रिकाम्या बाकांना म्हणाला. मी नुसतीच हलले.

तुमच्याकडे अशी एखादी घंटा अजून वाजत असेल, तर तिची दोरी सोडू नका हो. सख्ख्या भावाने सांगितलं तरी सोडू नका.